‘ज़ैद’ या नावाचा अर्थ आणि मूळ : वाढ की जादा?

दाभोळखाडी

माझ्या धाकट्या बहिणीला तिसरा मुलगा झाला असून लवकरच त्याचा अकीका (नवजात बाळासाठीचा कुर्बानीचा आणि नामकरणाचा विधी) आहे. तिने आणि तिच्या नवऱ्याने ‘ज़ैद’ हे नाव पसंत केले आहे. नाव छोटे आहे, उच्चारायला सोपे आहे आणि पैगंबरांच्या सहवासातील माणसाचे आहे, एवढी कारणे त्या दोघांना पुरेशी वाटतात. आमच्या दादीने मात्र एक शंका काढली आहे. तिचे म्हणणे असे, की ‘ज़ैद’ आणि ‘ज़्यादा’ हे एकाच घरातले शब्द आहेत. ‘जादा’ म्हणजे गरज भागल्यावर उरलेले. आणि दोन मुलांच्या पाठीवर आलेल्या तिसऱ्याला असे नाव दिले, तर मोठेपणी कोणीतरी त्याला त्याचा अर्थ सांगेल आणि आपण घरात जास्तीचे झालो होतो की काय, असे त्याच्या मनात येईल.

दादीला अरबी व्याकरण येत नाही, पण ती रोज कुराण वाचते आणि तिचा कान तयार आहे. त्यामुळे तिची शंका मला झटकून टाकायची नाही. नावांच्या संकेतस्थळांवर पाहिले तर ‘वाढ’, ‘समृद्धी’, ‘अल्लाहची देणगी’, ‘विरक्त’ असे चार ठिकाणी चार अर्थ दिलेले आहेत आणि त्यांपैकी एकानेही तो अर्थ कुठून आला हे सांगितलेले नाही. अरबी, फारसी किंवा इतिहास जाणणाऱ्यांनी कृपया सविस्तर लिहावे. दादीला वाचून दाखवायचे आहे, तेव्हा नुसते ‘छान नाव आहे, ठेवा’ एवढ्यावर भागणार नाही.

शब्दवेध

दादींनी ओळखलेले नाते खरे आहे, म्हणून सुरुवात तिथूनच करतो.

अरबीत बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या धातूवर उभे असतात. ‘ज़ैद’चा धातू ज़-य-द असा आहे. ‘ज़ादा’ म्हणजे ‘तो वाढला’ आणि ‘त्याने वाढवले’ असे दोन्ही; ‘यज़ीदु’ म्हणजे ‘तो वाढतो, तो वाढवतो’. या क्रियापदापासून होणाऱ्या भाववाचक नामांपैकी एक ‘ज़ैद’ आणि दुसरे ‘ज़ियादा’. दुसरे फारसीतून आपल्याकडे आले आणि मराठीत ‘जादा’ झाले. तेव्हा ‘ज़ैद’ आणि ‘जादा’ हे सख्खे भाऊ आहेत, यात वाद नाही.

प्रश्न असा, की या धातूचा मूळ भाव कोणता? तो ‘भर पडणे’ हा आहे. नको असताना उरणे ही छटा त्यातल्या एका रूपाला, ‘ज़ाइद’ या कर्तृवाचक विशेषणाला, व्यवहारात चिकटली. उर्दूत ‘ज़ायद’ म्हणजे अतिरिक्त, आणि उत्तर भारतात रब्बी व खरीप यांच्या मधल्या उन्हाळ्यात कलिंगड, खरबूज, काकडी यांचे जे पीक घेतात त्या हंगामाला ‘जायद’ म्हणतात तेही यामुळेच. तिथेसुद्धा अर्थ ‘दोन मुख्य हंगामांवर आणखी एक’ असाच आहे, ‘टाकाऊ’ असा नाही. आपल्याकडे त्याला सरळ उन्हाळी हंगाम म्हणतात, पण भूगोलाच्या पुस्तकांत हा शब्द भेटतो.

दादी रोज कुराण वाचतात, तर त्यांना हा धातू तिथे दाखवता येईल. ‘रब्बि ज़िदनी इल्मा’ ही दुआ त्यांना नक्की पाठ असेल (सूरह ताहा, २०:११४). ‘हे माझ्या पालनकर्त्या, माझ्या ज्ञानात भर घाल.’ त्यातले ‘ज़िद’ हे याच धातूचे आज्ञार्थी रूप आहे. सूरह इब्राहीममध्ये (१४:७) कृतज्ञ राहिलात तर ‘ल-अज़ीदन्नकुम’, म्हणजे मी तुम्हाला अवश्य अधिक देईन, असे वचन आहे. मुलाचे नाव या शब्दांच्या कुळातले आहे. जे मागितले जाते आणि ज्याचे वचन दिले जाते, ते नकोसे कसे असेल?

संकेतस्थळांवरच्या इतर अर्थांबद्दल थोडक्यात : ‘विरक्त’ हा अर्थ ‘ज़ाहिद’ या वेगळ्या नावाचा आहे, त्याचा धातू ज़-ह-द आहे. ‘ज़ैन’ (शोभा) याच्याशीही ‘ज़ैद’चा संबंध नाही, शेवटचे व्यंजन वेगळे, म्हणून धातूच वेगळा. ‘देणगी’ हा अर्थ शब्दशः बरोबर नसला तरी अगदी निराधार नाही, पण त्याबद्दल जुन्या अरबस्तानाची माहिती असणाऱ्यांनी लिहिलेले बरे.

ओवी

मला दादींच्या बाजूने दोन शब्द लिहायचे आहेत, कारण त्यांची भीती भाषेच्या अज्ञानातून आलेली नाही.

नको असलेल्या मुलाला तसे नाव देणे हे आपल्या महाराष्ट्रात घडलेले आहे. मुलाच्या आशेने एकीपाठोपाठ एक मुली झालेल्या घरांत शेवटच्या मुलीचे नाव ‘नकोशी’ किंवा ‘नकुसा’ ठेवले जात असे, आणि शाळेच्या हजेरीत, दाखल्यावर, लग्नपत्रिकेत ते तसेच राहत असे. २०११ साली सातारा जिल्ह्यात जाहीर कार्यक्रम घेऊन अशा मुलींना नवी नावे दिली गेली. दुसरीकडे मुले जगत नसतील तर दृष्ट लागू नये म्हणून ‘धोंडू’, ‘दगडू’ अशी नावे ठेवण्याची रीत होती. तिथे शब्द कठोर असला तरी मागे माया होती. म्हणजे नावाचा शब्दकोशातला अर्थ आणि ठेवणाऱ्याचा हेतू हे दोन्ही मूल आयुष्यभर बाळगते. ज्या बाईने हे जवळून पाहिले असेल तिला तिसऱ्या मुलासाठी ‘जादा’ हा शब्द बोचणारच.

शब्दवेध यांनी धातूचा अर्थ सांगितला आणि तो मला पटला. तरीही माझा प्रश्न उरतो : जुन्या अरबांनी हे नाव ठेवले तेव्हा त्यांच्या मनात काय होते? तसे दाखवणारे काही आहे का?

तहकीक

ओवीताई, आहे, आणि ते बरेच जुने आहे.

‘ज़ैद’ हे नाव इस्लामच्या शेकडो वर्षे आधीचे आहे. इजिप्तमध्ये सापडलेल्या एका लाकडी शवपेटीवर दक्षिण अरबस्तानच्या लिपीत कोरलेला लेख आहे. ती शवपेटी टॉलेमी राजांच्या काळातली, म्हणजे इसवी सनापूर्वीची. तिच्यातला माणूस आजच्या यमनमधल्या मईन राज्याचा व्यापारी होता आणि इजिप्तच्या देवळांना हिराबोळ व सुगंधी वेत पुरवीत असे. त्याचे नाव ‘ज़ैदइल’ आणि त्याच्या बापाचे नाव ‘ज़ैद’. ‘इल’ म्हणजे देव. मुलाच्या नावाचा अर्थ ‘देवाने वाढवले’ किंवा ‘देवाने भर घातली’ असा होतो. बापाचे ‘ज़ैद’ हे त्याच नावाचे आखूड रूप म्हणता येते. सेमिटिक भाषांत देवाचे नाव गाळून असे आखूड नाव वापरण्याची पद्धत सर्वत्र दिसते.

उत्तरेकडे तमीम या मोठ्या टोळीचे एक पूर्वज ‘ज़ैद मनात’ या नावाने ओळखले जात. मनात ही इस्लामपूर्व अरबांची देवी होती. ‘मनातने दिलेली वाढ’ असा त्या नावाचा भाव आहे. संकेतस्थळांवरचा ‘देणगी’ हा अर्थ कुठून निघाला असेल, हे इथे समजते. घरात मूल येणे म्हणजे देवाने घरात घातलेली भर, असे ही नावे सांगतात. वाळवंटातल्या टोळीचे बळ माणसांच्या संख्येवर होते. प्रत्येक मुलगा म्हणजे उंटांमागे, विहिरीवर आणि लढाईत आणखी एक हात. अशा समाजात ‘वाढ’ हे नाव तिसऱ्या मुलालाच काय, दहाव्यालाही कौतुकानेच दिले जाणार.

आणखी दोन उदाहरणे. कुरैश टोळीला मक्केत स्थिर करणारे पैगंबरांचे पूर्वज कुसै यांचे जन्मनाव ज़ैद होते. लहानपणी ते आपल्या लोकांपासून दूर वाढले म्हणून ‘कुसै’, म्हणजे दूरचा, हे नाव पडले आणि तेच टिकले. आणि सहाव्या शतकात इराकमधल्या हीरा शहरात अदी इब्न ज़ैद नावाचे ख्रिस्ती अरब कवी होऊन गेले, म्हणजे त्यांच्या वडिलांचे नाव ज़ैद. मूर्तिपूजक, ख्रिस्ती आणि पुढे मुस्लिम अशा सर्व अरबांनी हे नाव वापरले आहे. तेव्हा त्याला ‘मुस्लिम नाव’ म्हणताना ते ‘अरबी नाव’ आधी आहे हे लक्षात ठेवावे. मुसलमानांत ते जगभर पसरले त्याला कारण एक विशिष्ट माणूस आहे, आणि त्याच्याबद्दल वेगळे लिहायला हवे.

दाभोळखाडी

शब्दवेध, ओवी, तहकीक, मनापासून आभार. ‘रब्बि ज़िदनी इल्मा’ वाचून दाखवताच दादीने ती दुआ पुढे स्वतःच म्हटली. तिचे समाधान बरेचसे झाले आहे, पण आता तिला हजरत ज़ैद यांची हकीकत पूर्ण ऐकायची आहे. तिला एवढेच ठाऊक आहे की ते पैगंबरांचे मानलेले पुत्र होते.

सुरंगी

ही हकीकत मी लिहिते, कारण या नावाविषयीची माझी सारी आपुलकी तिच्यातून आली आहे. सीरतच्या, म्हणजे पैगंबरांच्या चरित्रग्रंथांच्या, परंपरेत ती जशी सांगितली जाते तशीच देते.

ज़ैद इब्न हारिसा हे कल्ब टोळीचे. लहान असताना आईबरोबर तिच्या माहेरच्या, तै टोळीच्या, लोकांकडे गेले असता घोडेस्वारांची धाड पडली आणि मूल पळवले गेले. उकाज़च्या जत्रेत त्याची विक्री झाली. हकीम इब्न हिज़ाम यांनी आपली आत्या खदीजा यांच्यासाठी त्याला विकत घेतले आणि विवाहानंतर खदीजा यांनी त्याला मुहम्मद (स.) यांना दिले.

इकडे बाप मुलाला शोधत राहिला. त्याचा म्हणून एक शोकगीतासारखा काव्यखंड परंपरेने जपला आहे. त्याची सुरुवातच ‘मी ज़ैदसाठी रडलो’ अशी आहे. त्याचे काय झाले मला कळत नाही, तो जिवंत आहे आणि आशा धरावी की त्याला मरणाने गाठले, असे तो बाप विचारतो. ‘ज़ैद’ म्हणजे जास्तीचा असे ज्यांना वाटते त्यांनी हा बाप डोळ्यांसमोर आणावा.

पुढे यात्रेला आलेल्या कल्बच्या लोकांनी मुलाला मक्केत ओळखले. बाप आणि काका खंडणीची रक्कम घेऊन आले. मुहम्मद (स.) यांनी सांगितले की निर्णय ज़ैदने करावा, त्याला तुमच्याबरोबर यायचे असेल तर रक्कम न घेता तो तुमचा. ज़ैद यांनी मक्केत राहणे पसंत केले. तेव्हा मुहम्मद (स.) यांनी काबागृहापाशी लोकांना साक्ष ठेवून जाहीर केले की हा माझा मुलगा आहे, आणि ते पाहून बाप समाधानाने परतला. हे सारे पैगंबरीच्या आधीचे आहे. त्यानंतर लोक त्यांना ‘ज़ैद इब्न मुहम्मद’ म्हणत.

मदीनेत सूरह अहज़ाब उतरली आणि मानलेल्या मुलांना त्यांच्या जन्मदात्या वडिलांच्या नावाने हाक मारा, असा आदेश आला (३३:५). ते पुन्हा ‘ज़ैद इब्न हारिसा’ झाले. ज्यांच्या नावापुढे पैगंबरांचे नाव लागत होते त्यांना ते सोडावे लागले, यात त्यांना काय वाटले असेल याचा विचार माझ्या मनात नेहमी येतो. पण त्याच सूरहमध्ये, ३७व्या आयतीत, त्यांचे स्वतःचे नाव आले. ज़ैनब यांच्याशी झालेल्या त्यांच्या विवाहाचा आणि तो संपल्याचा तिथे उल्लेख आहे. पैगंबरांच्या सर्व सहाबांमध्ये, म्हणजे सोबत्यांमध्ये, कुराणात नावाने उल्लेख झालेले ते एकटेच आहेत. पैगंबरांनंतरचे चार खलिफा अबू बक्र, उमर, उस्मान, अली यांपैकी कोणाचेही नाव तिथे नाही. जगात जिथे जिथे कुराण वाचले जाते तिथे हा छोटासा शब्द उच्चारला जातो, आणि दादींनी तो किती वेळा वाचला असेल याची त्यांना स्वतःलाही गणती नसेल.

इ.स. ६२९ मध्ये आजच्या जॉर्डनमधील मूता येथे बायझंटाइन सैन्याशी लढताना ते सेनापती म्हणून मारले गेले. त्यांचा मुलगा उसामा अगदी तरुण वयात सेनापती नेमला गेला.

तहकीक

सुरंगीताईंनी उत्तम लिहिले आहे. त्यात आणखी एका ज़ैदची भर घालतो, कारण अभ्यासाची आवड असलेल्या घरात हे उदाहरण उपयोगी पडेल. ज़ैद इब्न साबित हे मदीनेचे. पैगंबर मदीनेत आले तेव्हा ते अकरा वर्षांचे होते असे मानतात. पुढे ते पैगंबरांचे लेखनिक झाले. यमामाच्या लढाईत कुराण मुखोद्गत असलेले अनेक जण मारले गेल्यावर हजरत अबू बक्र यांनी कुराणाचे सर्व भाग एकत्र करण्याचे काम याच तरुणावर सोपवले. ‘मला एखादा डोंगर हलवायला सांगितले असते तरी ते यापेक्षा जड झाले नसते’ अशा आशयाचे त्यांचे उद्गार हदीसमध्ये, म्हणजे पैगंबर व त्यांच्या सोबत्यांविषयीच्या परंपरागत कथनांत, आहेत. खजुराच्या झावळ्यांचे देठ, पातळ दगड आणि माणसांची स्मरणशक्ती यांतून त्यांनी ते जमवले. हजरत उस्मान यांच्या काळात प्रती तयार करणाऱ्यांतही ते होते. वारसाहक्काच्या हिशेबात त्यांचा शब्द प्रमाण मानत.

त्याच यमामाच्या लढाईत हजरत उमर यांचे थोरले भाऊ ज़ैद इब्न अल-खत्ताब मारले गेले. आणि तै टोळीचे घोड्यांसाठी प्रसिद्ध असलेले सरदार ‘ज़ैद अल-खैल’, म्हणजे घोड्यांचा ज़ैद, पैगंबरांना भेटले तेव्हा त्यांना ‘ज़ैद अल-खैर’, म्हणजे भलाईचा ज़ैद, असे नवे नाव मिळाले. पैगंबर अशुभ अर्थाची नावे बदलून देत असत, हे प्रसिद्ध आहे. इथे त्यांनी बिरुद बदलले आणि ‘ज़ैद’ तसेच ठेवले. मला वाटते, दादींच्या शंकेला याहून थेट उत्तर मिळणार नाही.

कुलाबकर

मी अलिबागकडचा, बेने इस्राएल, म्हणजे कोकणातला ज्यू. धागा वाचताना सारखे आठवत होते म्हणून लिहितो. ‘योसेफ’, म्हणजे तुमच्याकडचे ‘युसुफ’, या नावाचा हिब्रू अर्थही ‘तो भर घालो’ असाच आहे. उत्पत्तीच्या पुस्तकात (३०:२४) राहेलला बऱ्याच वर्षांनी मुलगा होतो, तेव्हा ती ‘परमेश्वर मला आणखी एक मुलगा देवो’ म्हणून त्याचे नाव योसेफ ठेवते. धातू वेगळा आहे, पण मूल म्हणजे देवाने घातलेली भर आणि आणखी भर पडावी ही प्रार्थना, हा विचार तोच आहे. अरबीतले ‘यज़ीद’ हे नाव रचनेच्या दृष्टीने हुबेहूब ‘योसेफ’चा जोडीदार दिसते. शब्दवेध, हे बरोबर आहे ना?

शब्दवेध

कुलाबकर, अगदी बरोबर. ‘तो वाढवतो’ हे क्रियापदाचे रूपच दोन्हीकडे नाव झाले आहे. ‘यज़ीद’ हे एकेकाळी अगदी सर्रास ठेवले जाणारे नाव होते आणि सहाबांमध्येही होते. उमय्या खलिफा मुआविया यांच्या भावाचे नाव यज़ीद होते. ६८० साली मुआविया यांचा मुलगा यज़ीद याच्या सैन्याने करबला येथे पैगंबरांचे नातू हजरत हुसैन यांना मारले आणि आपल्याकडच्या मुसलमानांत ते नाव उच्चारायलाही नकोसे झाले. अर्थ तोच, धातू तोच, पण एका माणसाच्या कृत्याने एक नाव पुसले गेले आणि दुसऱ्या माणसाच्या निष्ठेने त्याचा भाऊ जगभर गेला. यज़ीदचेच ‘अबू यज़ीद’ हे रूप मात्र ‘बायज़ीद’ होऊन तुर्की सुलतानांच्या नावांत आणि सूफी संतांच्या नावांत टिकले. फुटबॉलपटू झिदान यांचे आडनाव ‘ज़ैदान’ हेही याच कुळातले.

तिसरीखिडकी

मी नोकरीनिमित्त दुबईत असतो. इथे आमच्या रत्नागिरी-रायगडचे खूप लोक आहेत आणि अनेकांना ‘ज़ैद’ व ‘ज़ायद’ ही एकच नावे वाटतात. अरबीत ती वेगळी लिहितात. ‘ज़ैद’ तीन अक्षरांचे : ज़े, ये, दाल. ‘ज़ायद’मध्ये अलिफ अधिक आहे. संयुक्त अरब अमिरातीचे १९७१पासून २००४पर्यंतचे पहिले राष्ट्राध्यक्ष शेख ज़ायद बिन सुलतान यांचे नाव हे दुसरे. शब्दवेध यांनी वर ज्या ‘ज़ाइद’ शब्दाला ‘अतिरिक्त’ अशी छटा आहे म्हटले, तोच हा शब्द आहे. बँकेच्या किंवा सामानाच्या कागदावर ‘ज़ाइद’ वाचले की अरब माणूस ‘जास्तीचे’ असाच अर्थ घेतो. तरीही देशाच्या संस्थापकाचे नाव तेच आहे, दुबईच्या मुख्य रस्त्याला, अबू धाबीच्या विमानतळाला आणि मशिदीला ते दिलेले आहे आणि आजही इथे मुलांना ते अभिमानाने ठेवतात. नाव म्हणून ऐकताना ‘भरभराट’ हाच अर्थ कानावर पडतो. ‘ज़ैद’ला तर व्यवहारातला तो दुसरा अर्थ चिकटलेलाही नाही.

आणि दाभोळखाडी, दादींना एवढे माझ्यातर्फे सांगा. गणपतीत मुंबईहून कोकणात एस.टी.च्या ‘जादा गाड्या’ सुटतात. त्या गाडीत जागा मिळालेल्या माणसाला विचारा, ‘जादा’ म्हणजे नकोशी का ते. आपल्या मराठीतही हा शब्द दर वेळी उरलेल्याला लागत नाही, हवे त्यालाही लागतो.

बोरू

मदरशात शिकलेल्यांना हे नाव आणखी एका ठिकाणी भेटते, म्हणून थोडे विषयाच्या कडेने लिहितो. आपल्या मराठी व्याकरणाच्या पुस्तकांत ‘राम आंबा खातो’ असते, तसे अरबी व्याकरणात शतकानुशतके ‘ज़रबा ज़ैदुन अम्रन’ हे वाक्य आहे : ज़ैदने अम्रला मारले. क्रियापद आधी, मग ‘-उन’ प्रत्यय घेतलेला कर्ता, मग ‘-अन’ प्रत्यय घेतलेले कर्म. अरबीत काही विशेषनामे सगळे विभक्तिप्रत्यय घेत नाहीत. उमर, अहमद, यज़ीद ही तशी नावे. ‘ज़ैद’ मात्र तीन अक्षरांचे असून सगळे प्रत्यय पूर्णपणे घेते, त्यामुळे प्रत्येक नियम त्याच्यावर दाखवता येतो. गंमत म्हणजे जोडीदार ‘अम्र’ लिहिताना शेवटी एक न उच्चारायचा ‘वाव’ घालतात, नाहीतर तो ‘उमर’ वाचला जाईल. ‘ज़ैद’ला अशी काहीच अडचण नाही.

उर्दू फतव्यांतही खरी नावे लपवण्यासाठी ‘ज़ैद’, ‘बकर’ आणि बाईसाठी ‘हिंदा’ ही नावे वापरतात : ‘ज़ैद ने हिंदा से निकाह किया’ वगैरे. आपण कायद्याच्या पुस्तकात ‘अ’ने ‘ब’ला जमीन विकली असे लिहितो, तसेच. कोणी मुलाला यावरून चिडवेल अशी भीती बाळगू नये. इतके सर्वपरिचित आणि निर्दोष नाव असल्याशिवाय त्याला हा मान मिळाला नसता.

ओवी

माझ्या प्रश्नाचे उत्तर मिळाले, विशेषतः ‘ज़ैद मनात’ आणि पैगंबरांनी न बदललेले नाव या दोन गोष्टींतून. आता एकच विचारते. ‘ज़ैदी’ हे आडनाव ऐकले आहे, ते याच नावावरून का? आणि घरच्यांनी मराठीत हे नाव नेमके कसे लिहावे? जैद, झैद की ज़ैद?

तहकीक

आडनावाचे उत्तर देतो, लेखनाचे जाणकारांवर सोडतो. हजरत हुसैन यांचे नातू ज़ैद इब्न अली यांनी ७४० साली कूफा येथे उमय्या सत्तेविरुद्ध उठाव केला आणि ते मारले गेले. त्यांना इमाम मानणारे ते ज़ैदी पंथाचे. यमनमध्ये ८९७ साली सुरू झालेली त्यांची इमामत, मधल्या खंडांसह, १९६२पर्यंत चालली. आपल्याकडच्या उत्तर भारतातील ज़ैदी सय्यद मात्र वंशावरून ज़ैदी आहेत, पंथाने त्यांतले बहुतेक इस्ना अशरी, म्हणजे बारा इमाम मानणारे, शिया आहेत. मुलाचे नाव ज़ैद ठेवल्याने कोणत्याही पंथाशी नाते जोडले जात नाही. सुन्नी आणि शिया दोघेही ते ठेवतात.

शब्दवेध

लेखनाबद्दल. प्रमाण मराठी लेखनात नुक्ता नाही, आणि अरबी-फारसी ‘ज़’साठी मराठीने ‘झ’ हा मार्ग काढला आहे : झहीर, झाकीर, झुबेर, झीनत. त्या रीतीने ‘झैद’ होईल आणि मराठी वाचणारा त्याचा उच्चार मूळच्या जवळ करील. ‘जैद’ लिहिले तर ‘जैन’मधला तालव्य ज उच्चारला जाण्याची शक्यता अधिक. शाळेत बाई पहिल्या दिवशी हजेरी घेताना काय वाचतील याचा विचार करून ठरवावे. नुक्त्यासह ‘ज़ैद’ हे सर्वांत काटेकोर, पण कार्यालयांत टंकलेखन करताना नुक्ता गळतो आणि मग एका कागदावर ‘ज’, दुसऱ्यावर ‘झ’ अशी स्थिती होते. या व्यावहारिक कारणासाठी माझे मत ‘झैद’ला आहे.

स्वराबाबत मराठी सुदैवी आहे. अरबीत उच्चार ‘ज़य्‌द’च्या जवळचा, म्हणजे ‘अ’वरून ‘य’कडे सरकणारा आहे. हिंदी-उर्दूत ‘ऐ’ बराचसा सपाट होतो, पण मराठीत आपण ‘ऐ’ हा ‘अइ’ असाच म्हणतो. रत्नागिरीतल्या मराठी शाळेत ‘झैद’ अशी हाक ऐकू येईल तेव्हा तिच्यातला स्वर लखनौतल्या हाकेपेक्षा मदीनेतल्या हाकेला अधिक जवळचा असेल. ही गोष्ट मला फार आवडते.

रोमन लिपीत झेड-ए-आय-डी आणि झेड-ए-वाय-डी ही दोन्ही वळणे चालतात. आपल्याकडे पहिले रूढ आहे. कोणतेही घ्या, पण जन्मदाखला, आधार, शाळेचा दाखला आणि पारपत्र या सगळ्यांवर एकच ठेवा.

दाभोळखाडी

नाव ठरले : झैद. दादीने स्वतः सांगितले की अकीक्याच्या दिवशी त्याच्या कानात ते ती उच्चारणार. कुलाबकर यांचा प्रतिसाद तिला विशेष आवडला, कारण तिच्या भावाचे नाव युसुफ होते. जन्माची नोंद रुग्णालयामार्फत झाली आहे, पण तेव्हा नाव ठरलेले नसल्यामुळे ती जागा कोरी राहिली. त्यासाठी आता नव्याने काही करावे लागेल का?

बोरू

नवी नोंद करायची नाही. १९६९च्या जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यात बाळाचे नाव मागाहून घालण्याची तरतूद आहे. जन्माची नोंद झाल्यापासून १२ महिन्यांच्या आत पालकांनी नाव कळवले तर त्याला शुल्क नाही. त्यानंतर विलंब शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत घालता येते. जिथे जन्माची नोंद झाली त्याच ग्रामपंचायतीत किंवा नगरपालिकेत जा. नाव मराठी आणि रोमन अशा दोन्ही लिप्यांत स्वतःच्या हाताने स्वच्छ लिहून द्या आणि दाखला हातात पडताच, टेबलावरून उठण्याआधी, त्यातला ‘झ’ आणि ‘ऐ’ची दुसरी मात्रा तपासा.